जुन्या कन्सोलवरचे डिजिटल गेम कसे जपायचे: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोनीची प्लेस्टेशन ३ आणि व्हिटा, मायक्रोसॉफ्टचं एक्सबॉक्स ३६०, निन्टेन्डोची वी, वी यू, ३डीएस. गेम खेळायच्या या मशीन्सवर आपण पैसे भरून गेम डाउनलोड केले आणि मग नव्या मशीनच्या नादात त्यांना कपाटात ठेवून दिलं. आता ते कपाट उघडायची वेळ आली आहे. गेली काही वर्षं मित्रांकडून आणि त्यांच्या मित्रांकडून जे प्रश्न येत राहिले, त्यांची उत्तरं एकत्र लिहून काढली आहेत.

मशीनवरचं ऑनलाइन दुकान बंद झालं म्हणजे माझे गेम गेले का?

नाही, लगेच नाही. यात तीन वेगळ्या गोष्टी आहेत आणि लोक त्यांची गल्लत करतात: नवीन विक्री बंद होणं, ऑनलाइन खेळ बंद होणं आणि घेतलेला गेम पुन्हा डाउनलोड करण्याची सोय बंद होणं. बहुतेक वेळा त्या याच क्रमाने होतात.

वीच्या दुकानातली विक्री ३० जानेवारी २०१९ ला थांबली. ३डीएस आणि वी यूची २७ मार्च २०२३ ला, आणि एप्रिल २०२४ मध्ये त्यांचा ऑनलाइन खेळही गेला. एक्सबॉक्स ३६०चं दुकान २९ जुलै २०२४ ला बंद झालं. तिन्ही वेळा कंपन्यांनी सांगितलं, की आधी घेतलेले गेम तूर्त पुन्हा उतरवता येतील. ‘तूर्त’ या शब्दावर बोट ठेवा. मार्च २०२२ मध्ये वी आणि डीएसआय (निन्टेन्डोचं ३डीएसच्या आधीचं मशीन) यांची दुकानं एके दिवशी उघडेनाशी झाली आणि सुमारे चार महिने तशीच राहिली. जुलैमध्ये ती पुन्हा सुरू झाली. त्या चार महिन्यांत ज्यांचं मशीन बिघडलं, त्यांना हात चोळत बसण्यापलीकडे काही करता आलं नाही.

प्लेस्टेशनची गोष्ट आणखी वेगळी. मार्च २०२१ मध्ये सोनीने पीएसपी (व्हिटाच्या आधीचं हातात धरायचं मशीन), प्लेस्टेशन ३ आणि व्हिटा या तिन्हींची दुकानं त्याच उन्हाळ्यात बंद करण्याची घोषणा केली. लोकांनी एवढा आरडाओरडा केला, की एप्रिलमध्ये प्लेस्टेशन ३ आणि व्हिटाचा निर्णय मागे घेतला गेला. पीएसपीची विक्री मात्र जुलैमध्ये थांबलीच. त्या वर्षीच्या ऑक्टोबरपासून उरलेल्या दोन दुकानांत थेट क्रेडिट कार्ड चालेनासं झालं. अकाउंटच्या वॉलेटमध्ये दुसरीकडून पैसे भरून आणायचे. दुकान उघडं असलं तरी दार अर्धं ओढून घेतलेलं आहे, हे कळायला एवढं पुरे.

पैसे देऊन घेतलाय. मग तो माझाच ना?

कागदावर बघाल तर तुम्ही खेळण्याचा परवाना घेतला आहे, गेम नाही. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२५ पासून कायदाच लागू झाला, की डिजिटल वस्तू ‘विकत घ्या’ असं लिहून विकायची असेल तर हा फक्त परवाना आहे हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावं लागेल. त्याने परवान्याचं मालकीत रूपांतर झालं नाही. निदान फसव्या बटणाला नाव तरी मिळालं.

पी. टी. नावाचा भयपट धाटणीचा छोटा गेम प्लेस्टेशन ४वर ऑगस्ट २०१४ मध्ये फुकट आला. एप्रिल २०१५ अखेर तो दुकानातून काढला गेला, आणि त्यानंतर ज्यांनी तो आधी उतरवला होता त्यांनाही पुन्हा उतरवता येईना. ज्या मशीनवर तो पुसला गेला नाही तिथेच तो उरला.

मग नेमकं जपायचं काय? फाईल कॉपी करून ठेवली की झालं ना?

इथेच बहुतेकांची फसगत होते, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

डाउनलोड केलेला गेम म्हणजे कुलूपबंद पेटी आणि तिची किल्ली अशा दोन वेगळ्या वस्तू. पेटी म्हणजे फाईल. ती कितीही ठिकाणी कॉपी करा, कोणी अडवत नाही. किल्ली म्हणजे परवाना, आणि तो कुठे बांधलेला आहे हे प्रत्येक मशीनगणिक बदलतं.

वीवर परवाना थेट मशीनला बांधलेला असतो. तुमचं नाव, मेल, पासवर्ड याचा संबंध नाही. एसडी कार्डावर गेम कॉपी करता येतो, पण ते कार्ड शेजारच्या वीमध्ये घातलं तर उपयोग शून्य. वीची आतली साठवण फक्त ५१२ एमबी, त्यामुळे बऱ्याच लोकांचे गेम कार्डांवर पडलेले असतात आणि ‘कार्ड सांभाळून ठेवलंय’ या समाधानात ते मशीन देऊन टाकतात. झालं, पेट्या घरी आणि किल्ली परक्याकडे.

एक्सबॉक्स ३६०वर परवाना दोन ठिकाणी असतो: ज्या अकाउंटने घेतला ते अकाउंट आणि ज्या मशीनवर घेतला ते मशीन. मूळ मशीनवर इंटरनेट नसलं तरी गेम चालतो. दुसऱ्या मशीनवर नेलात तर त्या अकाउंटने ऑनलाइन साइन इन केलेलं असावं लागतं, नाहीतर गेम चाचणी आवृत्तीपुरता राहतो. परवाना नव्या मशीनवर हलवायची सोय होती, पण त्यासाठीही समोर सर्व्हर जिवंत हवा.

प्लेस्टेशन ३ अकाउंट बघतं, पण त्या अकाउंटसाठी मशीन ‘ॲक्टिव्हेट’ केलेलं असावं लागतं. आधी अशी पाच मशीन चालत. नोव्हेंबर २०११ पासूनच्या खरेदीसाठी ती दोनवर आली. तुमच्या दोन जागांपैकी एक एखाद्या कधीच भंगारात गेलेल्या मशीनने अडवून ठेवलेली असू शकते. अकाउंटमध्ये जाऊन बघा.

३डीएसचा प्रकार डोळ्यांनी दिसतो. कार्ड काढून कॉम्प्युटरला लावा. ‘निन्टेन्डो ३डीएस’ नावाचा फोल्डर दिसेल, त्यात आकडे आणि अक्षरं मिळून ३२ खुणांचं अगम्य नाव असलेला फोल्डर, आणि त्याच्या पोटात तसाच आणखी एक. बाहेरचं ते नाव तुमच्या मशीनच्या गुप्त किल्लीवरून तयार झालेलं असतं. बाहेरच्या पातळीवर असे दोन फोल्डर दिसले तर समजा, की कार्ड दोन मशीनमध्ये फिरलं आहे किंवा मध्ये कधीतरी मशीन फॉरमॅट झालं आहे. फॉरमॅट केलं की किल्ली बदलते आणि जुन्या फोल्डरमधले गेम त्याच मशीनला परके होतात. कॉपी व्यवस्थित असते, एकही बाइट हललेला नसतो, फक्त उघडत नाही.

म्हणून जपायच्या गोष्टी चार: फाईल, परवाना, चालू स्थितीतलं मशीन आणि मशीनचं घड्याळ. घड्याळाचं पुढे सांगतो, कारण त्याने मला चांगलंच शिकवलं.

सुरुवात कुठून करू?

अकाउंटपासून. हार्ड डिस्क, कार्डं वगैरे नंतर.

माझं अकाउंट कॉलेजात असताना काढलेलं. मेल आयडी त्या वयाला शोभेल असा, आणि ज्या सेवेवर तो होता तिने बरीच वर्षं न वापरलेले पत्ते बंद करून टाकलेले. पासवर्ड विसरलो. नवा पासवर्ड जाणार त्या बंद पडलेल्या पत्त्यावर. जन्मतारीखही खोटी दिलेली, कारण तेव्हा वय वाढवून सांगायची फॅशन होती. खोटी तारीख कोणती दिली होती हे आठवायला मला तीन आठवडे लागले. शेवटी एका जुन्या वहीच्या मागच्या पानावर सापडली.

तेव्हा आजच मेल पत्ता चालू आहे का बघा, नसेल तर बदला. पासवर्ड कागदावर लिहून मशीनसोबत ठेवा. सुरक्षातज्ज्ञ नाक मुरडतील, मुरडू द्या. आणखी एक खाचखळगा: अकाउंटला दोन टप्प्यांची पडताळणी लावली असेल तर नेहमीचा पासवर्ड प्लेस्टेशन ३, व्हिटा किंवा एक्सबॉक्स ३६०वर चालत नाही. ही मशीन दुसरा टप्पा ओळखतच नाहीत. त्यांच्यासाठी अकाउंटच्या संकेतस्थळावरून वेगळा पासवर्ड तयार करून घ्यावा लागतो. ‘पासवर्ड बरोबर असूनही चुकीचा म्हणतंय’ अशी निम्मी रड याचीच असते.

मग खरेदीची यादी काढा. दुकानातला गेमचा मुख्य भाग दिसतो, पण त्याच्या अपडेट आणि जोडभाग वेगळे उतरवावे लागतात. सगळं उतरवलं की प्रत्येक गेम एकदा सुरू करा. नुसतं चिन्ह दिसतंय म्हणून पुढे जाऊ नका, मुख्य मेनूपर्यंत जा. त्यानंतर इंटरनेटची जोडणी काढून पुन्हा एकदा सुरू करा. ही दुसरी परीक्षा लोक टाळतात आणि खरी परीक्षा तीच असते.

मशीनला घरचं वाय-फायच सापडत नाही.

यातली बहुतेक मशीन फक्त २.४ गिगाहर्ट्झचा पट्टा ओळखतात (वी यूसुद्धा), आणि नव्या राउटरची सर्वांत कडक सुरक्षा त्यांना कळत नाही. राउटरमध्ये पाहुण्यांसाठी वेगळं नेटवर्क करायची सोय असते. ते २.४ वर ठेवा, सुरक्षा डब्ल्यूपीए२ निवडा. प्लेस्टेशन ३ला तर सरळ केबल लावा, सुटाल.

डिस्कवरचे गेम तर सुरक्षित आहेत ना?

अर्धेमुर्धे. या पिढीपासून कंपन्यांना सवय लागली, की डिस्क छापायला पाठवायची आणि राहिलेल्या चुका पहिल्या दिवसाच्या अपडेटमध्ये दुरुस्त करायच्या. ती अपडेट डिस्कवर नसते, सर्व्हरवर असते. सर्व्हर गेला की तुमच्याकडे छापखान्यात गेली तेव्हाची आवृत्ती उरते, त्यातल्या सगळ्या चुकांसकट. त्यामुळे डिस्कवाले गेमही एकेकदा घालून अपडेट करून ठेवा.

घड्याळाच्या बॅटरीचं काय प्रकरण आहे?

एका पावसाळी रविवारी माझं जुनं कन्सोल वर्षभराने लावलं. स्क्रीनवर तारीख विचारली. मी घाईत काहीतरी भरली. डिस्कवरचा गेम लगेच चालला. डाउनलोड केलेला एकही चालेना. चिन्हं जागच्या जागी, फाईली जागच्या जागी, आणि मशीन म्हणतंय परवाना तपासता येत नाही.

आत मदरबोर्डाशी एक छोटी चपटी बॅटरी असते, सीआर२०३२ जातीची, कॉम्प्युटरच्या मदरबोर्डावर असते तीच. काही मॉडेलांत ती खोबणीत बसते, काहींत दोन बारीक तारा आणि इवल्याशा प्लगसकट येते. वीज नसताना घड्याळ चालू ठेवणं एवढंच तिचं काम. प्लेस्टेशन ३वर परवाना तपासताना वेळही बघितली जाते, आणि हाताने भरलेल्या वेळेवर मशीनचा विश्वास नसतो. तुम्ही तारीख मागे नेऊन काहीतरी फसवाल अशी त्याला शंका. मग ते नेटवर्कवर जाऊन खरी वेळ घेऊन येतं, आणि तेव्हाच डिजिटल गेम उघडतात.

नेटवर्क आहे तोवर हे सगळं पाच मिनिटांचं काम. नेटवर्क कायमचं गेलं, की बॅटरी संपलेल्या मशीनवरचे विकत घेतलेले गेम उघडायला कोणी उरत नाही. म्हणून बॅटरी आता बदला, सर्व्हर चालू असताना. बदलली की ऑनलाइन जाऊन घड्याळ जुळवून घ्या. नंतर सर्व्हर गेल्यावर नवी बॅटरी घालून काही साधत नाही, कारण बॅटरी काढल्याक्षणी घड्याळ शून्यावर जातं आणि ते पुन्हा जुळवणारं कोणी नसतं.

प्लेस्टेशन ४वर तर याहून वाईट होतं. बॅटरी मेली आणि नेटवर्क नसलं तर डिस्कसुद्धा चालत नव्हती. ट्रॉफी, म्हणजे गेममधल्या कामगिरीची बक्षिसं, कधी मिळाली याच्या वेळनोंदीसाठी ही तपासणी होती. लोकांनी बोंबाबोंब केल्यावर सप्टेंबर २०२१ मधल्या ९.०० फर्मवेअरमध्ये (मशीनच्या आतल्या मूळ सॉफ्टवेअरमध्ये) ती अडचण सुटली. एका फर्मवेअरने सुटू शकते, एवढं यातून कळलं.

हार्ड डिस्क जुनी झालीय. बदलू का?

प्लेस्टेशन ३ची डिस्क म्हणजे लॅपटॉपची साधी अडीच इंची साटा डिस्क, ९.५ मिलिमीटर जाडीची. एका स्क्रूवर निघते. बदलणं सोपं आहे, पण क्रम चुकवू नका.

आधी मशीनच्या सेटिंगमधल्या बॅकअप सोयीने सगळं बाहेरच्या डिस्कवर घ्या. ती बाहेरची डिस्क फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेली लागते. गेम बरेच असतील तर रात्रभर चालतं, मध्ये हात लावू नका. मग नवी डिस्क बसवा. मशीन सुरू झाल्यावर फर्मवेअरची फाईल पेन ड्राइव्हवरून मागेल, ती आधीच कंपनीच्या संकेतस्थळावरून उतरवून ठेवा. नंतर बॅकअप परत भरा. त्याच मशीनवर परत भरलात तर सगळं येतं. दुसऱ्या मशीनवर भरलात तर कॉपी-संरक्षित भाग गाळला जातो.

काढलेली जुनी डिस्क चुकूनही पुसू नका. आणि ती कॉम्प्युटरला लावलीत तर कॉम्प्युटर मोठ्या आपुलकीने विचारेल, ‘ही डिस्क फॉरमॅट करू का?’ तिच्यावरचा मजकूर त्या एका मशीनच्या किल्लीने गुंडाळलेला असल्यामुळे कॉम्प्युटरला ती कोरी वाटते. ‘नाही’ म्हणा, काढा, चिठ्ठी लावून ठेवा.

कपाटात नुसतं ठेवलं तर काही बिघडतं का?

बिघडतं. फिरती डिस्क एक वेळ सोसते, फ्लॅश मेमरी नाही. फ्लॅशमध्ये माहिती म्हणजे कोंडून ठेवलेला विद्युतभार, आणि वर्षानुवर्षं वीज न मिळाल्यास तो हळूहळू गळतो. २०२३ मध्ये वी यूचं दुकान बंद होताना बऱ्याच जणांनी मशीन बाहेर काढली आणि काहींना १६०-०१०३ हा त्रुटी क्रमांक दिसला. आतल्या साठवणुकीची चिप वाचता येत नाही, असा त्याचा अर्थ. दर काही महिन्यांनी मशीन लावून तासभर चालवा.

व्हिटाची मेमरी कार्डं फक्त तिच्यासाठी बनलेली, सर्वांत मोठं ६४ जीबी, आणि दगावण्याबद्दल त्यांचं नाव फार चांगलं नाही. कार्डावरचं सगळं कॉम्प्युटरवर घ्यायची अधिकृत सोय आहे. आज ती वापरा.

हातात धरायच्या मशीनची बॅटरी फुगलीय.

चार्ज करू नका, दाबू नका, टोचू नका. पीएसपीसारखं झाकण असेल तर बॅटरी काढून वेगळी ठेवा आणि इलेक्ट्रॉनिक कचरा घेणाऱ्याकडे द्या. पुढच्या वेळी साठवताना बॅटरी निम्मी चार्ज ठेवा. शंभर टक्केही नको आणि पार रिकामीही नको.

सेव्ह फाईलींचा, म्हणजे गेममध्ये कुठवर पोचलो त्या नोंदींचा, वेगळा विचार करायला हवा का?

गेम कधीतरी दुसरीकडे मिळेल, तुमचे दोनशे तास मिळणार नाहीत. तेव्हा हो.

प्लेस्टेशन ३वर बहुतेक सेव्ह पेन ड्राइव्हवर सरळ जातात. काहींवर कॉपी करायला मनाई असते. ती हलवायला मशीन ते मशीन केबल लावून डेटा पाठवायची सोय आहे. वीवरही काही गेम सेव्ह कार्डावर जाऊ देत नाहीत. ट्रॉफी आणि तत्सम बक्षिसं ऑनलाइन जुळवून घ्या, नाहीतर त्यांचा पत्ता त्या एका डिस्कपुरता राहतो. बॅकअपच्या तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक घराबाहेर: फोटो जपणाऱ्यांचा हा जुना नियम इथेही चालतो.

मशीन दुरुस्तीला द्यायचंय / विकायचंय.

दुरुस्तीला देताना मूळ डिस्क आणि कार्ड काढून घरी ठेवा, दुरुस्ती करणाऱ्याला लिहून द्या: फॉरमॅट करायचं नाही, मदरबोर्ड बदलायचा नाही. माझं एक मशीन पंखा साफ करायला गेलं आणि ‘सॉफ्टवेअर पण नवीन टाकून दिलंय, त्याचे पैसे नको’ अशा प्रेमळ शब्दांत परत आलं. त्या नव्या सॉफ्टवेअरने माझी सगळी जुनी किल्ली खाल्ली होती. रागावणार तरी कोणावर, माणूस खरंच मदत करत होता.

विकायचं असेल तर आधी परवाने नव्या मशीनवर हलवा. वीसारख्या मशीनचं म्हणाल तर विकूच नका.

मशीनचं कुलूप काढून स्वतःच्या गेमची प्रत काढली तर?

तांत्रिकदृष्ट्या या सगळ्या मशीन्सची कुलपं उघडली गेली आहेत, हे उघड गुपित आहे. कायदेशीरदृष्ट्या उत्तर देशागणिक बदलतं. बॅकअपची मुभा असलेल्या ठिकाणीही कुलूप तोडण्यावर वेगळी बंदी असू शकते, या दोन गोष्टी कायद्यात वेगळ्या धरल्या जातात. आपल्याकडचा कायदा वाचा. शिवाय असं मशीन ऑनलाइन नेलं तर अकाउंटवर बंदी येऊ शकते, आणि अकाउंट गेलं की परवाने गेले. म्हणजे जपायला निघालो आणि हातचं घालवलं. करायचंच असेल तर अधिकृत मार्गाने सगळं उतरवून झाल्यावर, आणि दुसऱ्या मशीनवर.

दुसऱ्याने टाकलेल्या फाईली उतरवणं हा वेगळा मामला आहे. त्याला मी जतन म्हणत नाही. पण जे गेम आज कुठेच विकत मिळत नाहीत, ते अशाच कोणीतरी बेकायदा जपल्यामुळे जगात उरले आहेत, हेही खरं. दोन्ही वाक्यं मला एकाच वेळी खरी वाटतात.

कॉम्प्युटरवर जुन्या मशीनची नक्कल करणारी सॉफ्टवेअर, म्हणजे एम्युलेटर, आहेत ना? मग मशीन कशाला हवं?

आहेत, आणि काही अप्रतिम आहेत. डॉल्फिन २००३ पासून गेमक्यूब (वीच्या आधीचं मशीन) आणि पुढे वी चालवतोय, आरपीसीएस३ २०११ पासून प्लेस्टेशन ३च्या मागे लागलाय. त्यातला सेल नावाचा प्रोसेसर इतका विचित्र आहे, की त्याची नक्कल करायला आजचा तगडा कॉम्प्युटर लागतो. पण एम्युलेटरलाही पेटी आणि किल्ली लागतेच, आणि ती तुमच्या मशीनमधूनच यायची.

शिवाय एम्युलेटर कायम राहील याची हमी नाही. मार्च २०२४ मध्ये निन्टेन्डोबरोबरच्या दाव्यात त्याच कंपनीच्या स्विच या मशीनची नक्कल करणाऱ्या युझू एम्युलेटरवाल्यांनी २४ लाख डॉलरवर तडजोड केली, आणि त्यांच्याशी जोडलेला ३डीएसचा सिट्राही त्याबरोबर बंद झाला. एका गाठोड्यात दोन्ही गेले.

कॉपी बिघडलेली नाही हे कसं कळणार?

हॅशवरून. एखादी फाईल एसएचए-१ नावाच्या गणिती चाळणीतून काढली की ४० खुणांची ओळ मिळते. फाईलमधला एक बिट जरी बदलला तरी ती ओळ ओळखू येणार नाही इतकी बदलते. कॉपी केल्या दिवशी ती ओळ साध्या मजकूर फाईलमध्ये नोंदवा. वर्षातून एकदा पुन्हा काढून ताडून बघा. नो-इंट्रो आणि रीडम्प हे हौशी लोकांचे गट वर्षानुवर्षं याच पद्धतीने गेमच्या शुद्ध प्रतींच्या याद्या ठेवतात. फाईल त्यांच्या यादीत असेल तर तुमची प्रत अस्सल आहे का तेही कळतं. पण मशीनच्या किल्लीने गुंडाळलेल्या प्रतीची ओळ यादीशी जुळणार नाही, घाबरू नका.

नव्या मशीनवर जुने गेम मिळतात. एवढी उठाठेव कशाला?

काही मिळतात. एक्सबॉक्सने नोव्हेंबर २०१५ पासून सहा वर्षांत ३६०चे सहाशेहून जास्त गेम नव्या मशीनवर चालते केले, हे मनापासून चांगलं काम. प्लेस्टेशन ३चे गेम मात्र नव्या मशीनवर मुख्यतः इंटरनेटवरून प्रवाहित होऊन येतात, म्हणजे पुन्हा सर्व्हरच्या मर्जीवर. आणि वीवर २००८ मध्ये वीवेअर या डाउनलोड गेमच्या सेवेसोबतच आलेला ‘फायनल फँटसी क्रिस्टल क्रॉनिकल्स: माय लाइफ ॲज अ किंग’ वीच्या बाहेर कधी आलाच नाही.

व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये एक पाहणी प्रसिद्ध केली: अमेरिकेत २०१० पूर्वी आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज दुकानात मिळत नाहीत. मिळतात ते १३ टक्के, आणि आपल्याला वाटतं सगळं मिळतंय, कारण आपल्याला नावं तेवढीच आठवतात.

उलटही घडतं. स्कॉट पिलग्रिम या कॉमिकवरचा गेम डिसेंबर २०१४ मध्ये दुकानांतून गेला आणि जानेवारी २०२१ मध्ये परत आला. सहा वर्षं ज्यांच्या डिस्कवर तो होता त्यांनी मशीन फॉरमॅट करायचं धाडस केलं नाही.

संग्रहालयं आणि ग्रंथालयं हे काम करत नाहीत का?

करतात, हात बांधून. अमेरिकेत ग्रंथालयांना बंद पडलेले गेम जतन करायची काही मुभा आहे, पण ते बघायला संशोधकाने तिथे प्रत्यक्ष जायचं. घरबसल्या दाखवायची परवानगी त्यांनी मागितली, ती ऑक्टोबर २०२४ मध्ये नाकारली गेली. पुस्तकाच्या बाबतीत असं कोणी म्हणालं असतं तर लोक हसले असते.

३डीएस आणि वी यूची दुकानं बंद व्हायच्या आधी एका अमेरिकी यूट्यूबरने दोन्हींवरचा प्रत्येक गेम विकत घेतला. ३डीएसचे १५४७, वी यूचे ८६६, खर्च २२,७९१ डॉलर, वेळ ३२८ दिवस. शेवटी हाती आली ती काही मशीन, कार्डं आणि डिस्कांचा ढीग, आणि वर सांगितलेल्या किल्लीच्या गणितामुळे ती मशीन जिवंत आहेत तोवरच त्या ढिगाला अर्थ.

फक्त ऑनलाइन चालणारा गेम कसा जपायचा?

घरी नाही जपता येत. ‘द क्रू’ हा गाड्यांचा गेम ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाल्यावर एकट्यानेही खेळता येईना, डिस्क हातात असूनही. त्यावरून ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी राहिली आणि युरोपीय संघात तिने दहा लाखांहून जास्त सह्या मिळवल्या. तुमच्या हातात एवढंच आहे: सर्व्हर चालू असताना खेळताना चित्रीकरण करा. नकाशे, मेनू, लोकांच्या गप्पा, वाट बघायची जागा, सगळं. चकचकीत झलक कंपनीकडे असते. मंगळवारी रात्री अकरा वाजता आत कोण काय करत बसलं होतं, ते कुणाकडेच नसतं.

गेम खूप आहेत, वेळ कमी. आधी कोणते?

जे फक्त डिजिटल आले ते आधी. त्यातही ज्यांत गाड्यांच्या कंपन्या, गाणी, सिनेमातली पात्रं आहेत ते सर्वांत आधी, कारण त्या करारांची मुदत संपते आणि गेम कोणाला न सांगता यादीतून जातात. मग जोडभाग. मग डिस्कवाल्यांच्या अपडेट. ज्यांची नवी आवृत्ती सगळीकडे मिळते ते शेवटी, किंवा सोडूनही द्या.

पावत्या, दुकानातली पानं, मॅन्युअल ठेवू का?

ठेवा. खरेदीच्या पावत्यांचे मेल एका फोल्डरमध्ये हलवा, परवान्यावरून वाद झाला तर तोच पुरावा. डिजिटल गेमची मॅन्युअल गेमच्या आतच असतात, त्यांची पानं फोनने टिपून घ्या. आणि दुकान अजून उघडत असेल तर त्यातून एक चक्कर मारून स्क्रीनचे फोटो काढा: कोणता गेम कितीला होता, खाली वर्णन काय लिहिलं होतं. वीच्या दुकानातलं ते संथ, लिफ्टमध्ये वाजावं तसलं संगीत आठवतंय? माझ्याकडे त्याचं रेकॉर्डिंग आहे. टीव्हीसमोर फोन धरून केलेलं, मागून कुकरची शिट्टी येते.